स्वयंपाकघरापुरतं घर

बँकेतून आल्यापासून नवरा खाली बसला नव्हता. घराचा हप्ता अठरा हजारांवरून पंधरा हजारांवर येणार होता, पण कर्जाची मुदत आठ वर्षांनी वाढणार होती. सही उद्या करायची होती.

"महिन्याला तीन हजार सुटतील," तो येरझारा घालत म्हणाला.

"मग बसा की. मला गरगरायला लागलंय," बायको म्हणाली.

तो फरशा बसवणारा कारागीर. सहा वर्षांत मुद्दल किती फिटलं ते त्याने मोबाइलवर पाहिलं आणि खडू घेऊन मागच्या भिंतीपासून तेवढ्या हिश्शाच्या फरशा मोजल्या. रेघ स्वयंपाकघराच्या दारातच आली.

"एवढंच आपलं?"

"एवढंच. बाकीचे हप्ते व्याजात गेले. मुदत वाढवली तर आणखी नऊ लाख जातील."

ती रेघेकडे बघत राहिली. "नका करू सही. पुढची खोली भाड्याने देऊ."

"आणि आपण?"

"आपण आपल्या घरात झोपू," तिने स्वयंपाकघराकडे बोट दाखवलं. "ती खोली तशीही बँकेचीच आहे."

तो हसला, पण बसला नाही. पुढच्या खोलीतलं कपाट ओढायला लागला.