लाल चौकटीचा शर्ट

शेहिदाच्या बेपत्ता मुलावर, नेदिमवर, आतापर्यंत अकरा माहितीपट निघाले होते, आणि अकराही जणांनी तिला तोच लाल चौकटीचा शर्ट पेटीतून काढायला लावला होता. नेदिमने असे दोन घेतले होते, एक हा आणि दुसरा युद्धातल्या त्या एप्रिलच्या सकाळी सैनिकांनी त्याला बसमध्ये कोंबून नेलं तेव्हा अंगात होता, असं ती सांगायची. शर्ट हुंगायचा, खिडकीकडे बघायचं, सगळं तिला पाठ झालं होतं. "आत्ता रडू की कॉफीनंतर?" असं ती विचारायची आणि कॅमेरावाला बिचारा ओशाळायचा.

माहितीपट काढायला बारावी आली सारायेव्होची आयला. बेपत्ता माणसांच्या घरच्यांसाठी भांडायचं, सरकारला जाग आणायची, असा तिचा निर्धार. तिची नजरही मोठी तिखट. कॉलर उलटून ती म्हणाली, "मावशी, ही कंपनी निघालीच दहा वर्षांपूर्वी. नेदिमला नेऊन सत्तावीस झाली."

"बाजारातून आणलाय," शेहिदा शांतपणे म्हणाली. "पहिला विरला."

आयलाचा चेहरा उतरला. सत्यासाठी लढायचं आणि शर्ट खोटा? ती तो प्रसंग कापायलाच निघाली. तेव्हा शेहिदाने कॅमेरा बंद करायला लावला आणि तिला समोर बसवलं. पुरल्याची जागा दाखवतो म्हणून पैसे मागणारे भामटे थोडे नव्हते. शेजारच्या हायराने तर गाय विकून एका रिकाम्या शेतात आठवडाभर खणलं होतं. म्हणून नेदिमच्या अंगात खरं काय होतं, ते शेहिदाने हाडांची ओळख पटवणाऱ्या कार्यालयाला सोडून कुणालाच सांगितलं नव्हतं. येणारा प्रत्येक भामटा शपथेवर लाल चौकटीचा शर्ट सांगायचा. ती त्याला कॉफी पाजून वाटेला लावायची. असे नऊ झाले होते.

"तुला खरं हवंय, मलाही हवंय," ती म्हणाली. "मला जरा जास्त दिवसांपासून. शर्ट राहू दे, पोरी."

आयला दोन दिवस धुसफुसली, पण शर्ट राहिला. पुढे त्या माहितीपटाला 'निर्भेळ सत्याबद्दल' बक्षीस मिळालं. ते ऐकून शेहिदा इतकी हसली की तिला ठसका लागला.

मग तो माहितीपट टीव्हीवर लागला. चौथ्या दिवशी सकाळी फाटकाशी राडेन्को उभा. नदीपलीकडच्या लाकडाच्या वखारीत काम करणारा, युद्धात समोरच्या बाजूला असलेला, इतकी वर्षं एकाच बेकरीत पाव घेताना तिच्याकडे न बघणारा. टोपी हातात होती.

"टीव्हीवर बघितलं, शेहिदा," तो म्हणाला. "तो शर्ट नव्हता त्याच्या अंगात."

"मग काय होतं?"

"हिरवा स्वेटर. हाताने विणलेला. डाव्या कोपराला करडी लोकर होती."

हिरवी लोकर संपली म्हणून तिने करडी लावली होती. नेदिम त्यावरून महिनाभर कुरकुरला होता.

कॅमेरा दिसला की डोळ्यांत पाणी आणणाऱ्या शेहिदाला आता काही केल्या रडू येईना. तिने फाटक उघडलं आणि ओट्यावरचं स्टूल पुढे ओढलं.

"बस," ती म्हणाली. "कुठे आहे तो, तेवढं सांग."