निळ्या नळीतले कण

वरोरच्या किनाऱ्यावर सुरूच्या झाडांखाली सकाळपासून एवढी माणसं लोटली होती की बोंबील वाळत घालायला बाया मिळेनात. जो तो मान वर करून टोकाला निळी काच बसवलेली नळी डोळ्याला लावत होता, आणि नळी खाली केल्यावर तोंड मिटायचं विसरत होता.

"दिसले?" कणस्वामी विचारायचे.

"दिसले महाराज. चमकतात. वळवळतात."

"इलेक्ट्रॉन ते. सायंटिस्ट लोकांनी जमिनीखाली कोसभर लांबीची यंत्रं बांधली, हाती काय आलं? आकडे. तुम्हाला वाळूत उभ्याउभ्या दर्शन. ठसठशीत तो प्रोटॉन, बारीक तो इलेक्ट्रॉन. आणि ज्याला काहीच दिसत नाही," इथे स्वामी आवाज खाली आणत, "त्याच्या डोळ्यावर पाप बसलंय."

पाप कुणाला हवंय? ज्यांना दिसत नव्हतं त्यांनाही दिसू लागलं.

स्वामी कमरेला भगवी लुंगी नेसत आणि वर डॉक्टरसारखा पांढरा कोट घालत. धड साधू नाही, धड डॉक्टर नाही. पण ज्याला कण दिसले त्याचा आजार धुऊन निघतो, हे ते असं सांगत की सांगणाऱ्याची कीव करावी की ऐकणाऱ्याची, कळू नये. पहिल्या आठवड्यात गाव त्यांना हसलं. मग कुणीतरी म्हणालं, "तांडेलांना बघू द्या. त्यांचा डोळा खोटं बघायचा नाही."

विष्णू तांडेलांनी सगळी उमर होडीच्या नाळेवर, पुढच्या टोकाला, उभं राहून काढली होती. पाण्यावरची बारीक चमक बघून खाली मासळी आहे की नुसतं ऊन, ते ओळखायचे. मासळी असली की न बोलता उजवा हात वर करायचे. हात वर गेला की जाळं पाण्यात जायचं, कुणी विचारायचं नाही. हात खाली आला की जाळं वर.

त्या दिवशी तांडेलांनी नळी डोळ्याला लावली. निळ्या आभाळात पांढरे ठिपके सळसळत होते, पळत होते, मध्येच सगळे एकदम पुढे उसळत होते. अगदी थव्यातल्या मासळीसारखे. जिवंत. तांडेलांचा उजवा हात आपोआप वर गेला.

पुढे कुणी काही विचारलं नाही.

घरी सून जमना होती. तिला साखरेचा आजार, आणि खडकावर कालवं फोडताना पायाला कवच लागलेलं. स्वामींनी सांगितलं होतं, गोळ्यांचे कण जड, ते घेतले की इलेक्ट्रॉन अंगाला शिवत नाहीत. जमनाने गोळी हातात धरून विचारलं, "आबा, तुम्ही खरंच बघितलंत ना?"

"बघितलं. माझ्या डोळ्यांनी."

तिने गोळी परत डब्यात टाकली.

मार्गशीर्ष सरायच्या आत तिला डहाणूच्या दवाखान्यात न्यावं लागलं. पायाचा अंगठा काळा पडला होता. डॉक्टरांनी तो काढला. तिची धाकटी बहीण योगिता तालुक्याच्या शाळेत विज्ञान शिकवते, ती धावत आली. तिने पहिलं हेच विचारलं, "गोळ्या कुणी बंद केल्या, ताई?"

"त्या स्वामीने," जमना म्हणाली. सासऱ्याचं नाव तिने घेतलं नाही, त्यांच्याकडे बघितलंही नाही. तांडेलांना वाटलं, तिने चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

ते व्हरांड्यात येऊन उभे राहिले. योगिता मागून आली.

"मी बंद केल्या," तांडेल म्हणाले. "माझ्या शब्दावर विश्वास ठेवला तिने. पण पोरी, मी खोटं बोललो नाही. मला दिसले."

"दिसलेच असतील, काका. आता नळीशिवाय बघा. सूर्याकडे नको, त्या बाजूच्या कोऱ्या निळ्याकडे. थोडा वेळ नजर हलवू नका."

तांडेल बघत राहिले. जन्मभर त्यांनी आभाळ बघितलं होतं ते ढगासाठी, वाऱ्यासाठी. कोरं आभाळ कोण बघत बसतो? जरा वेळाने ठिपके आले. तेच.

"आता मनगटाची नाडी धरा. ठिपके कधी उसळतात ते बघा."

तांडेलांनी नाडी धरली. बोटाखाली ठोका पडला की ठिपके पुढे. ठोका, उसळी. ठोका, उसळी. त्यांचा हात गळून खाली आला.

"म्हणजे हे आभाळात नाही."

"तुमच्या डोळ्यात आहे. डोळ्याच्या पडद्यावर बारीक रक्तवाहिन्या असतात. त्यातल्या तांबड्या पेशी निळा उजेड अडवतात, लाल नाही; पांढऱ्या काहीच अडवत नाहीत. पांढरी पेशी सरकली की तेवढाच चमकता ठिपका दिसतो. सगळ्यांना दिसतो, पापी असो की पुण्यवान."

"आणि इलेक्ट्रॉन?"

योगिता कठड्यावर टेकली. "त्या पांढऱ्या पेशीवर अणू ओळीने मांडले तर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत लाखभर मावतील. त्यातला एक अणू घ्या. तो वरोर गावाएवढा फुगवला, तर मधला प्रोटॉन चिकूच्या बीएवढा. इलेक्ट्रॉनचा आकार मोजायला गेले तर आजवर सापडलाच नाही, एवढा लहान. काका, मोठ्या भोकांच्या जाळ्यात जवळा सापडतो का?"

"नाही. आरपार जातो."

"उजेडाची एक लाटच अणूच्या हजारो पट मोठी. आपला डोळा उजेडाच्या जाळ्याने बघतो. त्यात प्रोटॉन कसा लागणार?"

तांडेल म्हणाले, "उद्या तू ये किनाऱ्यावर. पण बोलेन मी."

दुसऱ्या दिवशी गर्दी तशीच होती. योगिताने पर्समधून पतंगाचा लाल कागद काढला, स्वामींची नळी घेतली, निळी काच काढून तिथे तो कागद ताणून बसवला आणि नळी स्वामींच्याच हातात दिली. "महाराज, आधी तुम्ही. इलेक्ट्रॉन तर लाल उजेडातही असणारच."

स्वामींनी नळी लावली. "आहेत. लाखोंनी आहेत. लाल रंगात तर जास्तच तेजस्वी."

नळी गर्दीतून फिरली. एकाने बघितलं, दुसऱ्याने बघितलं. मासळी विकणारी रखमी नळी उलटीसुलटी करून म्हणाली, "मला तर नुसतं लाल दिसतंय."

"त्याला दिव्य दृष्टी लागते, माई."

"काल तर पाप नसलं की भागत होतं. रातोरात महाग झालं का?"

लोक हसले. हसू विरायच्या आत तांडेल पुढे आले. त्यांनी प्रत्येकाला कोऱ्या आभाळाकडे बघायला लावलं, नाडी धरायला लावली. सगळं गाव आपापल्या मनगटाला धरून उभं होतं.

"हे रक्त आहे आपलं," तांडेल म्हणाले. "मला दिसलं ते खरं होतं. पण दिसलं ते काय आहे, हे मी विचारलं नाही, आणि तुम्ही मला विचारलं नाही. त्यात माझ्या सुनेचा अंगठा गेला. तो मी घेतला, या माणसाने एकट्याने नाही. घरी जा, ज्याने त्याने आपल्या गोळ्या परत चालू करा. आणि यापुढे कुणी काही दाखवलं, मी दाखवलं तरी, विचारा. नळीशिवाय दिसतं का? रंग बदलला तर दिसतं का? विचारल्याने जे नाहीसं होतं ते कधी नव्हतंच."

स्वामी कोटाची बटणं लावत सुरूंच्या मागे उभ्या गाडीकडे निघाले होते. त्यांच्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं. तांडेलांनी उजवा हात वर केला, सगळ्यांना दिसेल असा, आणि सावकाश खाली आणला.

होडीवरच्या जुन्या गड्यांना त्याचा अर्थ सांगावा लागला नाही.