कोमट पाणी

गिझर नवा, तरी घरातल्या कुठल्याही नळाला पाणी कोमटच. मी म्हटलं, दुरुस्तीवाल्याला बोलावू. तर आमचे दादासाहेब म्हणाले, "कशाला? मी आहे ना." हे ‘मी आहे ना’ ऐकलं की माझं डोकंच फिरतं. याच ‘मी आहे ना’ने दाराची घंटी कायमची मुकी केली होती आणि इस्त्री जाळली होती. तरी वर ऐट अशी, की घर याच्याच जिवावर चाललंय.

मला काळजी होती ती बाबांची. त्यांना जुना मधुमेह. पावलांतली जाणीव पार गेलेली, हाताची बोटंही बधिर. मागच्या वर्षी चप्पल चावली ते त्यांना कळलंच नाही. कळलं तेव्हा उजव्या पायाची करंगळी काढावी लागली. डॉक्टरांनी आम्हा दोघा भावंडांना समोर बसवून बजावलं होतं, "आता साधा फोड आला तरी पाऊल वाचेल याची खात्री मी देत नाही." दादा तेव्हा मान डोलावत होता. मान डोलवायला त्याचं काय जातं!

शेवटी त्या संध्याकाळी मीच पदर खोचला. गिझरच्या खालच्या नळीला हात लावला तर चटका बसला. म्हणजे पाणी तापत होतं, वाटेत कुठेतरी गार होत होतं. मग एकेक नळ बघत बाबांच्या न्हाणीघरात गेले. तिथे भिंतीवर तो हातात धरायचा शॉवर. त्याचं बटण बंद, पण वरच्या गरम आणि गार पाण्याच्या दोन्ही गोल मुठी पूर्ण उघड्या! गार पाणी तिथून सरळ गरम पाण्याच्या नळीत शिरत होतं आणि घरभर फिरत होतं. मी दोन्ही मुठी घट्ट आवळल्या. स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडला, तर थोड्याच वेळात वाफ यायला लागली.

बाबा पलंगावर बसले होते. मी विचारलं, "बाबा, शॉवरच्या मुठी बंद नाही करत तुम्ही?"

"फिरत नाहीत गं माझ्याने. बोटं ऐकत नाहीत. बटण दाबलं की पाणी थांबतं, म्हटलं झालं."

"मग सांगायचं नाही का?"

"काय सांगू? साधा नळ बंद करता येत नाही म्हणून?"

त्यांच्यावर चिडणार तरी कशी? तो रागही मी दादाच्याच खात्यात टाकला आणि तरातरा बाहेरच्या खोलीत गेले. दादा मोबाइलमध्ये डोकं घालून लोळत होता.

"सापडलं," मी म्हटलं. "गिझरला काही झालेलंच नव्हतं. इतके दिवस नुसता बघतो, बघतो करत होतास. एकदा तरी बाबांच्या न्हाणीघरात डोकावलास?"

"माझ्यावर कशाला खेकसतेस?" तो उठून बसला. "निदान कोमट तरी येत होतं ते कुणामुळे? तू गार म्हणालीस की मी गिझरचा काटा वाढवायचो. आता पार शेवटाला नेऊन ठेवलाय."

"शेवटाला?"

"मग काय! उकळायलाच ठेवलंय म्हण ना."

मी आणखी काहीतरी जहरी बोलणार होते. तोंड उघडलंही होतं. तेवढ्यात आतून भरलेला प्लॅस्टिकचा टब फरशीवर सरकवल्याचा आवाज आला.

बाबा रोज संध्याकाळी पाय धुतात. खालच्या लांब दांड्याच्या नळाने टब भरतात. तो दांडा त्यांना कोपराने ढकलता येतो. तो नळ फक्त गरम पाण्याचा. महिनाभर पाणी कोमटच येत असल्यामुळे त्यांनी वरून गार घालणं सोडून दिलं होतं.

मी धावले. "बाबा, थांबा!" असं ओरडले, पण दार उघडलं तेव्हा ते स्टुलावर बसले होते आणि दोन्ही पाय घोट्यापर्यंत पाण्यात होते. वाफेने आरसा पांढरा झाला होता. ते माझ्याकडे बघून हसले.

"वाफ बघ कशी येतेय! केलंस गं नीट तू!"

मी त्यांचे पाय वर ओढले. पावलं लालबुंद झाली होती, आणि करंगळी काढली होती तिथली कातडी माझ्या हाताला ओली, सैल लागली. मी गार पाण्याचा नळ सोडून पाय त्याखाली धरले. मला भयंकर संताप आला होता.

"गाडी काढ!" मी दादावर ओरडले.

तो दारात उभा होता. अजूनही त्याला वाटत होतं, मी नेहमीसारखा कांगावा करतेय. "एवढं काही तापलं नसेल," असं म्हणत त्याने टबात हात घातला आणि किंचाळून बाहेर काढला.

बाबा एकदम घाबरले. पाय माझ्या हातात तसेच ठेवून ते पुढे वाकले आणि त्याचा हात आपल्या बधिर बोटांत घेऊन फुंकर घालायला लागले.

"भाजलं का रे तुला?" ते म्हणाले. "फार दुखतंय का?"