डेसचं उरलंसुरलं

ग्लेनिस टार्पीने काय लिहिलं नव्हतं ते विचारा. पोलिसांची मालिका, बोलक्या कुत्र्याचा मुलांचा कार्यक्रम, भुताचे दोन सिनेमे, आणि संध्याकाळी साडेसहाची ती रडकी मालिका, तीही तब्बल अकरा वर्षं! मेलबर्नमध्ये कुणाचा लेखक ऐनवेळी पळाला की फोन ग्लेनिसलाच. शुक्रवारी मागा, सोमवारी पटकथा हजर.

पण स्वतःचा म्हणावा असा सिनेमा एकच, आणि तो एकसष्टाव्या वर्षी कुठे लिहून झाला. तिच्या धाकट्या भावाचा, डेसचा. डेस सतराव्या वर्षी मिल्डुराजवळच्या कालव्यात बुडाला. आईबाबाही गेले. आता डेसला ओळखणारी जगात ती एकटीच. हा सिनेमा झाला नाही तर तिच्याबरोबर डेसही संपणार, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

ब्रॉन ही निर्माती. तिने वाचून ग्लेनिसला कॉफीला बोलावलं. मग म्हणाली की लिखाण झकास आहे, पण लोक हसतील. कुत्र्याच्या शेपटीवर पाय पडला की त्याला वाकून सॉरी म्हणणारा मुलगा? तो मुलांच्या कार्यक्रमात होता. उशीखाली टोस्ट लपवणारा? तो तर पोलिस शिपाई. आणि दारातले ते ओले बूट भुताच्या सिनेमातले.

"अगं, सगळं होऊन गेलंय हे. तुझ्याच हातून. मी ते बघतच मोठी झाले."

खरंच की. काही सुचेना की ग्लेनिस डेसकडे हात पसरायची, आणि मेलेला भाऊ कशाला नाही म्हणतोय? त्याची एकेक सवय तिने कुणाकुणाला वाटून टाकली होती. त्या त्या वेळी बरंच वाटायचं तिला. चला, डेस टीव्हीवर आला.

"मग नवीन काहीतरी घाल ना," ब्रॉन म्हणाली. "अजून काय करायचा तो?"

ग्लेनिस आठवू लागली. शीळ घालायचा तो, एका बाजूने ओठ मुडपून. हो, शीळ. पण डोळ्यांपुढे आला तो शिपायाचं काम करणारा नट. तिने त्याला बाजूला सारलं, तर मागे कुणीच नव्हतं.

"काय गं?"

"काही नाही," ग्लेनिस म्हणाली. "एवढंच करायचा तो."

आणि तिने पटकथा आपल्याकडे ओढून घेतली.