भजन लागलं की मेन पाड

आधी एक सांगते, म्हणजे पुढचं कळंल. फोनवर गेम खेळताना आपल्या टीमच्या माणसांचा आवाज चालू केला की गेमचा आवाज मरतो. कुणीतरी उशीखाली गोळ्या झाडायलंय असं वाटतं, आणि दुश्मनाची पावलं तर ऐकूच येत न्हाईत. पावलं ऐकायची तर आपली माणसं बंद करा, माणसं ऐकायची तर पावलं सोडा. मला हे पटंना. तीन दिवस सेटिंगमध्ये डोकं घातलं, एकदा तव्यावर पोळी करपवली, अम्मीच्या शिव्या खाल्ल्या, पण सापडलं. माणसांचा आवाज कॉलच्या रस्त्यानं येतो, तो मीडियाच्या रस्त्यावर वळवायचा. झालं! माझ्या फोनवर दोन्ही आवाज बरोबरीनं यायला लागले. माझ्या भावाचा, आमेरभाईचा, आणि त्याच्या दोस्ताचा, सुरजचा फोन जुना, त्यांच्यात काही केल्या जमलं न्हाई. तेव्हापासून आमच्या तिघांच्या टीममध्ये कुणी काय ऐकायचं ते मी सांगायची.

मी फरजाना. गेवराईत आमचं मोटारी भरायचं दुकान हाय. शेतातली जळालेली मोटार आणायची, आतली तांब्याची तार काढून नवी भरायची, आणि परत नेऊन बसवायची. अब्बाला सगळा तालुका ख्वाजा मिस्त्री म्हणतो. अब्बाच्या उजव्या हाताला तीनच बोटं हायत, दोन करंटनं नेली. मी तेव्हा आठवीत होते. तेव्हापासून हिरीत उतरायचं काम आमेरभाईचं आणि दुकानात बसून तार भरायचं माझं. आमेर माझ्याहून दोन वर्षांनी मोठा. मोठा कसला, नुसता दांडगा! हिरीत उतरला तरी गुणगुणत राहणार, नट निघंना झाला की नटाला समजावत बसणार.

आणि माझं तोंड वाईट हाय, हे मीच कबूल करते. गेममध्ये कुणी चुकलं की मी त्याचा पिच्छा सोडत न्हाई.

त्या दिवशी आमेर चकलांब्याला गेलता, भारतअण्णांच्या हिरीवर मोटार बसवायला. सुरज म्हणजे भारतअण्णांचा पोरगा, आमेरचा आयटीआयपासूनचा दोस्त. आता त्या हिरीवरची तऱ्हा सांगावीच लागंल. वर काठाला जांभळीच्या झाडाखाली स्टार्टरची पेटी. पेटीत ऑटो बसवलेला, म्हणजे लाईट आली की माणूस नसला तरी मोटार आपोआप चालू होती. सगळ्या शिवारातल्या मोटारी एकदम उठल्या तर डीपी, म्हणजे शिवारातला ट्रान्सफॉर्मर उडतो, म्हणून ऑटोला दोन मिनिटांचा टायमर. तो ऑटो आमच्याच दुकानातला. दोन मिनिटं मीच लावून दिलेली.

पेटीच्या बाजूला खिळ्याला भजनाची डबी टांगलेली. देवघरात असती तसली, पिन लावली की गाणारी. लाईट आली की डबी गायला लागती, अन् लांबच्या वावरात असलेल्या माणसालाही कळतं की आली बाबा एकदाची. शहाणा माणूस म्हणंल, हिरीत काम चालू असताना मेन, म्हणजे सगळी लाईट तोडणारा दांडा, पाडून ठेवा की! पण मेन पाडला तर डबी वाजत न्हाई, डबी वाजली न्हाई तर लाईट कधी आली ते समजत न्हाई, आणि तेवढ्यात उसाचं पाणी हुकतं. म्हणून भारतअण्णा मेन पाडू देत न्हाईत. त्यापेक्षा एक माणूस पेटीपाशी बसवतात. भजन लागलं की मेन पाड, खालच्याला हाक मार, एवढंच त्याचं काम. मोटार उठंपर्यंत खालच्या तारांत करंट येत न्हाई, हातात दोन मिनिटं असत्यात, करंट लागतोय कशाला? वर्षानुवर्षं असंच चाललंय. अब्बासुद्धा असंच करायचे, बोटं जाईपर्यंत.

त्या आठवड्यात शेतीची लाईट दुपारी बाराला यायची होती. आमेर अकराला पोचला, साहित्य उतरवलं, आणि सुरजनं विचारलं, एक गेम मारायची का. मी दुकानात मागच्या खोलीत होते. हातातली मोटार वार्निश करून वाळत ठेवली होती, मला तरी काय काम होतं? बसले.

आमेर पाचव्या मिनिटाला मेला. एका ट्रकमागं उभा राहून आरामात पाणी प्यायल्यासारखा उभा होता, कुणीतरी लांबून टिपला.

"मेलो रे," तो म्हणाला. "चला, तुमचं चालू द्या, मी उतरतो खाली. सुरज, तू हाईस ना पेटीपाशी?"

"हाय की. पाठ टेकूनच बसलोय पेटीला."

आमेरची सवय अशी की मेला तरी गेममधून निघत न्हाई. माईक चालू ठेवतो, फोन पन्नीत गुंडाळून शर्टाच्या खिशात टाकतो आणि कामाला लागतो. तो शिडीवरून उतरायला लागला आणि माझा आवाज मलाच परत ऐकू यायला लागला. मी 'डावीकडं' म्हणलं की हिरीतून 'डावीकडं, डावीकडं' असं घुमून यायचं.

"आमेर, तुझा स्पीकर बंद कर बरं आधी! डोकं फिरायलंय माझं."

"केला बाई," तो म्हणाला. त्याच्यानंतर त्याला आमचं काही ऐकू येत नव्हतं. आम्हाला त्याचं सगळं ऐकू यायचं. पाना, पाण्याचा ठिबका, त्याचं गुणगुणणं.

मग शेवटचा झोन आला, म्हणजे खेळायची जागा आवळत आवळत एवढीशी उरली. मी आणि सुरज एका पडक्या घरात, वरच्या मजल्यावर. बाहेर चारपाच जण उरलेले. सुरज कुरकुरायला लागला, "आमेर पाना आपटायलाय, मला पावलं कळंनात."

आणि मी म्हणलं, अजून आठवतं मला कसं म्हणलं ते, "अरे तो मेलाय, त्याचं कावून ऐकतोस? माणसांचा आवाज बंद कर, दोन्ही कानांत इअरफोन घाल आणि पावलं ऐक."

"बरं," सुरज म्हणाला आणि त्यानं माणसं बंद केली, माईक तेवढा चालू राहिला.

दोघांचे कान मीच बंद केले. वरून मला लई हुशार वाटत होतं, कारण आता सगळं ऐकणारी मी एकटीच.

अकरा चाळीस झाले असतील. आमेर खाली स्वतःशीच बोलत होता, "लाल तार झाली, आता पिवळी." म्हणजे ओल्या ओट्यावर उभा राहून तो उघड्या तारांचे जॉइंट मारत होता. माझ्या फोनवर पावलं वाजत होती, खिडकीबाहेर, डावीकडं. आणि त्या पावलांच्या मागं बारीक कायतरी सुरू झालं. टाळ. हार्मोनियम. मला आधी वाटलं, दुश्मनाच्या टीममधल्या कुणाच्या तरी घरात वाजत असंल. मग आठवलं की दुश्मनाचा माईक मी बंदच ठेवते.

सुरजच्या माईकमधून येणारी ती भजनाची डबी होती.

लाईट वीस मिनिटं आधी आली होती. कावून आली ते आजपर्यंत कुणी सांगितलं न्हाई.

स्क्रीनवर झोन आवळायचा आकडा उलटा पळत होता, एक मिनिट अठ्ठावन्न. ऑटोचा टायमरही तेवढाच. मी ओरडले, "सुरज, मेन पाड! भजन लागलंय, मेन पाड!" सुरज खिडकीपाशी आडवा पडून बंदूक रोखून होता. हलला सुद्धा न्हाई. "आमेर! तारा सोड! आमेर!" खालून गुणगुणणं चालूच. गळा फाडून ओरडत होते मी आणि दोघांपैकी एकाच्याही कानात शब्द जात नव्हता.

माझा आवाज ऐकून अब्बा धावत आत आले. "अब्बा, आमेर कू फोन लगाव! लाईट आ गई!"

तीन बोटांनी अब्बानी नंबर काढला. इकडं माझ्या इअरफोनमध्ये आमेरच्या खिशात रिंग वाजली, आणि त्याचा आवाज आला, लाडात आल्यासारखा, "ठैरो अब्बा, हात में तारां हैं." रिंग वाजून वाजून थांबली. अब्बानी सुरजला लावला. गेम चालू असताना सुरज सगळे कॉल बंद करून ठेवतो, मीच शिकवलेलं. भारतअण्णांना लावला तर ते बाजारात, उचलंनात. अब्बा नुसते उभे राहिले, फोन कानाला लावून, आणि माझ्याकडं बघत होते. मी काहीतरी करीन असं त्यांना वाटत होतं.

एक मिनिट पाच.

सुरजला माणसं ऐकू येत नव्हती. पण गेम ऐकू येत होता की! मी बंदूक उचलली आणि त्याच्या डोक्याशेजारच्या भिंतीवर सगळ्या गोळ्या रिकाम्या केल्या. तो दचकला, वळला, मला बघितलं. मी उड्या मारल्या, खाली बसले, उठले. त्याला वाटलं मी दुश्मन दाखवायलेय. तो उलटा दुसऱ्या खिडकीकडं सरकला आणि पुन्हा पालथा पडला. बाहेरची पावलं आता घराच्या दारात आली होती. मला त्यांचं काही पडलं नव्हतं.

"पिवळी झाली," आमेर म्हणाला. "निळी राहिली."

चाळीस सेकंद. भजनातले टाळ जोरात वाजायला लागले होते, का मलाच तसं वाटत होतं.

माझ्याकडं एक हातबॉम्ब होता. त्या गेममध्ये आपल्या माणसाला आपली गोळी लागत न्हाई, बॉम्ब मात्र सगळ्यांना लागतो. सुरज गेममध्ये मेला तर बोलायला तरी माणसं चालू करंल. पिन काढली. बोट इतकं घामेजलं होतं की स्क्रीनवर घसरत होतं. बॉम्ब सुरजच्या पाठीवर टाकायचा होता तो दारापर्यंत गडगडत गेला, तर मी त्याच्यामागं पळाले, त्याला धरता येत न्हाई हे सुद्धा विसरले. फुटला तो. मी मेले. सुरज जिवंत.

या अल्ला, मी म्हणलं. आता माझ्या हातात काहीच उरलं नव्हतं.

पण बॉम्बचा आवाज ऐकून दारातला दुश्मन वर आला आणि त्यानं सुरजला दोन गोळ्यांत झोपवला. स्क्रीन लाल झाली. सुरजच्या माईकमध्ये खरखर झाली, आणि त्यानं माणसांचा आवाज चालू केला, मला शिव्या द्यायला.

"फरजाना! येडी हाईस का? जिंकलेली गेम होती ना!"

"सुरज, मेन पाड! लाईट आलीय! आमेर खाली हाय!"

इअरफोन ओढल्याचा आवाज, काहीतरी जमिनीवर आपटल्याचा आवाज, मग त्याच्या तोंडून एक कसलाच शब्द नसलेला आवाज. अर्ध्या शब्दावरच भजन बंद पडलं.

आकडा बघायला स्क्रीनवर आकडाच नव्हता, आम्ही हरलो होतो.

अब्बानी विचारलं, "पाडला?" भजन दोन कारणांनी बंद पडतं. मेन पाडला तर. न्हाईतर खाली शॉर्ट होऊन फ्यूज उडाला तर. हे मला माहीत होतं आणि अब्बालाही माहीत होतं. अब्बा खाली मोटारीच्या पेटाऱ्यावर बसले.

आमेरच्या माईकमध्ये पाणी ठिबकत होतं. पाना वाजत नव्हता. गुणगुणणं नव्हतं. सुरजला हाक मारली तर त्याचा नुसता श्वास येत होता, धापा टाकल्यासारखा. ठिबका. पुन्हा ठिबका. मी मोजायला लागले, सतरापर्यंत मोजले. मनात म्हणत होते, मी आयुष्यात पुन्हा कुणाला बोल लावणार न्हाई, फक्त एक आवाज येऊ दे, पाना पडू दे, शिवी येऊ दे.

पन्नीची सळसळ झाली. खिशातून फोन निघाला.

"अब्बाचा फोन होता वाटतं," आमेर म्हणाला. मग त्यानं स्क्रीन बघितली असंल. "हात् तेच्या! हरलात? फरजाना, तू पण मेलीस का गं?"

मी अब्बाकडं बघितलं आणि हो म्हणून मान हलवली. अब्बानी तीन बोटांचा हात तोंडावर दाबला.

"आमेर, वर ये," मी म्हणलं. "तारा सोड आणि वर ये. काही करू नको, नुसता वर ये."

मागं सुरज रडायला लागला होता. तो नंतर म्हणाला की आमेर शिडी चढून येईपर्यंत त्यानं मेनचा दांडा दोन्ही हातांनी खाली दाबून धरला होता, तळहाताला वळ पडले तरी सोडला न्हाई. ते नंतरचं. तेव्हा मला फक्त हिरीतून आमेरचा आवाज येत होता, चिडवणारा.

"आता बोलंनास कावून? एवढं सगळ्यांना शिकवतीस आणि शेवटी मेलीसच की. रुसलीस का?"

"वर ये," मी ओरडत होते. "आमेर, वर ये, वर ये."

त्याचा स्पीकर अजून बंदच होता.