बिनआवाजी

पडण्यात थोरलीचा फायदाच फायदा होता. एकदा नीट पडता आलं की धाकटीनं बसवलेल्या नव्या नृत्यातली मुख्य भूमिका तिची. म्हणजे रंगमंचावरची आणखी काही वर्षं पदरात. चाळिशीच्या तोंडावर बॅलेवाल्यांनी तिला गोड बोलून घरी बसवलं होतं. म्हणून ती पुन्हा उठली, घोटा चोळला आणि पडली.

सुंदर पडली. गुडघा, मांडी, खांदा एकामागून एक अलगद टेकले. हूं नाही की चूं नाही.

"हे पडणं नव्हे, ताई. हे झोपणं झालं," खुर्चीतून धाकटी म्हणाली.

भिंतीशी बसलेल्या मुली फिसकन हसल्या. थोरलीनं ऐकवलं, की बॅलेत उडीवरून उतरतानाही पाऊल वाजलं तर लाज निघते. वजन लपवण्यातच तिचा जन्म गेला. धाकटीचं म्हणणं, तिच्या नृत्यातली बाई ओझं वाहून वाहून कोसळते, तिचं वजनच तर बघायला लोक येणार. आज जमलं नाही, तर भूमिका या मुलींपैकी एकीला.

"तू करून दाखव," थोरली म्हणाली.

"खुब्याचं ऑपरेशन झालंय माझं."

"माहीत आहे. पण बघितल्याशिवाय मला काही येत नाही."

 धाकटीनं चपला काढल्या, काठी खुर्चीला टेकवली, खोलीच्या मधोमध आली आणि कोसळली.

तो आवाज जमिनीच्या फळ्यांतून थोरलीच्या तळव्यांत शिरला. ओळखीचाच होता. लहानपणी बॅलेच्या वर्गात याच आवाजावरून तिनं धाकटीला 'ढोल' म्हणायला सुरुवात केली. मग सगळा वर्ग म्हणू लागला आणि धाकटीनं बॅलेचे बूट पुन्हा पायात घातले नाहीत.

आता कुणी हसलं नाही. थोरली हात द्यायला वाकली.

"मला उचलू नकोस. तू पड."

थोरली मागे सरली. पडताना सवयीनं सावरायला निघालेली बोटं तिनं मुठीत आवळून धरली. खिडकीची तावदानं थरथरली.

"ढोल," धाकटी जमिनीवरूनच म्हणाली.

पहिल्या प्रयोगाला थिएटर भरलं. थोरली धाडकन पडली तेव्हा लोकांनी श्वास रोखला, मग टाळ्या वाजत राहिल्या. त्या सगळ्या थोरलीच्या वाट्याला आल्या. धाकटी विंगेत उभी होती. एका काठीच्या जागी आता दोन होत्या, त्यामुळे टाळ्या वाजवायला तिचा हात मोकळा नव्हता.