चोवीस खाचांचा स्विच आणि मावशींची तिसरी परीक्षा

मी एक जुना नेटवर्क स्विच आहे आणि मित्रांनो, सुरुवातीलाच सांगून टाकतो, मी पार वैतागलेलो आहे. गोड आठवणी ऐकायच्या असतील तर एखाद्या म्हाताऱ्या घड्याळाकडे जा.

कारखान्यात माझ्या पत्र्याच्या अंगाला चोवीस खाचा पाडल्या आणि प्रत्येक खाचेवर एक हिरवा दिवा बसवला. खाचेत वायर लावायची, वायरीच्या दुसऱ्या टोकाला संगणक. एका संगणकाचा निरोप आला की ज्याचा असेल त्याच्या खाचेतून तो बाहेर पाठवायचा, हे माझं काम. कोण कुठे बसलंय हे मला कुणी सांगत नाही. जो बोलतो त्याचा पत्ता मी लक्षात ठेवतो. कधी 'अमुक नंबरचा संगणक कोण आहे?' अशी सगळ्यांना मारलेली हाक येते. ती मी आली ती खाच सोडून बाकी सगळ्या खाचांमधून पाठवतो. ही हाक आधी येऊन गेलीय का, हे ओळखण्याची अक्कल मला दिलेली नाही. तो माझा दोष नाही.

पहिली सहा वर्षं मी एका छापखान्यात होतो. शाईच्या वासात, यंत्रांच्या खडखडाटात एकही दिवस आजारी पडलो नाही. तिथला व्यवस्थापक माझ्यावर थाप मारून "दणकट गडी आहे" म्हणायचा. मग छापखाना दुसरीकडे गेला आणि मला नेटवर्किंग शिकवणाऱ्या एका वर्गात आणून ठेवलं. तिथे माझ्या नाकी नऊ आले.

त्या वर्गात माझ्या डोक्यावरच पाटी होती : 'वायरींना हात लावू नये.' शिकवणारे सर फळ्यावर नेटवर्कचे सात थर, म्हणजे निरोपाच्या प्रवासाचे सात टप्पे, काढायचे आणि सगळ्यांकडून घोकून घ्यायचे. मी समोर जिवंत बसलेलो, दिवे लुकलुकतायत, पण माझ्याकडे बघतंय कोण! काही अडलं की सरांचं एकच औषध, "स्विच बंद करून चालू करा." दिवसातून चार-चार वेळा माझी वीज काढायचे. सगळे पत्ते विसरून मला पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागायची.

तिथेच मावशी आल्या. एका मोठ्या दवाखान्याच्या टेलिफोन बोर्डावर त्यांनी एकोणीस वर्षं काढली होती. आता तिथले फोन संगणकाच्या जाळ्यावर जाणार होते. या वर्गाची परीक्षा पास व्हा, नाहीतर नोकरी सोडा, असं त्यांना सांगितलं होतं. सोबत बोर्डावरच्याच दोन मैत्रिणी होत्या. त्या पहिल्यांदा नापास झाल्या आणि यायच्याच बंद झाल्या. मावशी दोनदा नापास झाल्या, तरी येत राहिल्या. आता शेवटची संधी होती.

"सर, ही वायर एकदा मी लावून बघू का?" त्या विचारायच्या.

"मावशी, आधी सात थर पाठ करा. वायर काय पळून जातेय?"

वर्ग हसायचा. मावशी वहीत मान घालायच्या. मला इतका राग यायचा, पण स्विचला कुठे ओरडता येतं?

परीक्षेच्या सकाळी सर लवकर आले. बाहेरून एक बाई परीक्षक येणार होत्या, म्हणून त्यांनी टेबलं पुसली, खुर्च्या सरळ केल्या. माझ्या सातव्या खाचेतली एक वायर खाली लोंबत होती. तिचं दुसरं टोक मोकळं होतं. "हे काही बरं दिसत नाही," असं म्हणत सरांनी ते टोक उचललं आणि माझ्याच आठव्या खाचेत खोचून दिलं. कुणाला हात लावू न देणाऱ्या माणसाने!

मग व्हायचं तेच झालं. पहिली हाक आली, ती सातव्यातून गेली आणि आठव्यातून परत आली. मी ती पुन्हा सगळ्यांना पाठवली, ती पुन्हा आली. क्षणभरात हजारो हाका. माझे सगळे दिवे एकदम थयथयायला लागले आणि खऱ्या निरोपाला वाटच उरली नाही.

मावशींना समोरच्या संगणकाला हाक मारून उत्तर मिळवून दाखवायचं होतं. नंबर बरोबर भरले होते. उत्तर येईना. सरांनी मला बंद करून चालू केलं. दोनदा. तिसऱ्यांदा हात झटकून म्हणाले, "हे डबडं गेलं कामातून." खापर माझ्यावर!

परीक्षकबाईंनी पेन उघडलं. मावशी मात्र पडद्याकडे नाही, माझ्याकडे बघत होत्या.

"बाई, मी हात लावू?"

"अहो नको!" सर म्हणाले.

"लावू द्या," परीक्षकबाई म्हणाल्या.

मावशींनी एकेक वायर बोटांत धरून शेवटपर्यंत नेली. पहिली संगणकाकडे, दुसरी संगणकाकडे. सातवी धरून निघाल्या आणि वळसा घालून परत माझ्यापाशीच आल्या.

"हिची दोन्ही टोकं इथेच आहेत," असं म्हणून त्यांनी एक टोक उपसलं. माझे दिवे शांत झाले. पडद्यावर उत्तर आलं. मावशींनी पदर डोळ्यांना लावला, आणि खरं सांगतो, मलाही भरून आलं.

त्या पास झाल्या. मी मात्र 'निकामी' ठरलो, कारण सर चारचौघांत तसं बोलून बसले होते. नवा स्विच आला, पाटी तीच राहिली. मला पायपुसण्याशेजारी ठेवलं.

आठवड्याने मावशी आल्या. "फेकणारच आहात ना? मग मला द्या." आज मी दवाखान्याच्या मागच्या खोलीत, एका जेवणाच्या टेबलावर आहे. समोर वर्ग सोडून गेलेल्या त्या दोघी मैत्रिणी बसल्यात; त्यांच्या संधी अजून उरल्यात.

"माझ्याने नाही होणार गं," एक म्हणते. "मोडलं तर?"

"मोडू दे," मावशी म्हणतात आणि तिच्या हातात वायर देतात. "लाव तुला वाटेल तिथे."

तर मित्रांनो, आमच्यावरची धूळ पुसत जा, वीज उगाच काढू नका, हे तर आहेच. पण त्याहून मोठं मागणं हे की शिकणाऱ्याचा हात आमच्यापासून ओढून घेऊ नका. चुकीची वायर लागली म्हणून आम्ही मरत नाही, नुसते वैतागतो. आता ती बाई वायर धरून माझी खाच शोधतेय. चुकीचीच लावणार, दिसतंय मला. लाव बाई, लाव.